आसेगावकरचा कान

बहिरं नसणं वेगळं आणि ऐकता येणं वेगळं, असं डॉ. सुरेश आसेगावकर पहिल्याच भेटीत सांगून टाकायचा. आपण त्यातल्या कुठल्या गटात पडतो हे त्याच्या चेहऱ्याकडं बघून कळायचं. त्याच्या मते अख्ख्या परभणीत ऐकता येणारा माणूस एकच होता, आणि तो वसमत रोडला दात काढायचा.

तोंडावर मी त्याला कायम 'डॉक्टरसाहेब' म्हणत आले. मनात मात्र कधी अहो-जाहो केलं नाही, म्हणून इथंही करणार नाही.

खाली दवाखाना, वर घर, आणि घरातली सगळ्यात मोठी खोली रेकॉर्डींची. भिंतभर एलपी, बहुतेक इंग्रजी पॉपच्या. हैदराबादला दातांचं शिकत असताना होस्टेलवरच्या एका सिनियरनं त्याला हा नाद लावला होता. खिडक्यांना सतरंजीसारखे जाड पडदे. दोन उंच स्पीकर, आणि त्यांच्या बरोबर मध्ये एकच खुर्ची. ती त्याची. आवाज फक्त त्या खुर्चीतच खरा ऐकू येतो, असं तो म्हणायचा. बाकीच्यांनी बाजूच्या बाकावर बसून खोटा ऐकायचा.

खोलीत मोबाइल न्यायचा नाही. चहा न्यायचा नाही, कारण वाफ रेकॉर्डीला लागते. अल्बम लावला की पहिल्या गाण्यापासून शेवटच्या गाण्यापर्यंत हलायचं नाही. मध्येच उठणाऱ्याला तो पुन्हा बोलवत नसे. रेकॉर्ड पाकिटातून काढताना दोन्ही तळव्यांनी फक्त कडेला धरायचा, मखमली ब्रशनं पुसायचा आणि सुई अशी अलगद टेकवायचा, की बघणाऱ्याचा श्वास अडकावा. मी त्याची पेशंटही होते. आमच्या जबड्याला तो हात कधी लागला नाही.

त्याची बायको सुनंदाताई दाराच्या चौकटीला टेकून ऐकायच्या. आत बसायला त्यांना कुणी मनाई केली नव्हती, आणि कुणी बोलावलंही नव्हतं. त्या काही बोलायला लागल्या की हा मागं न बघता उजव्या हाताचं एक बोट वर करायचा. शब्द नाही, नुसतं बोट. ताई थांबायच्या. मला त्या माणसाची चीड आली ती पहिल्यांदा त्या बोटापायी.

आमचा त्याच्याशी संबंध आला तो दाढेमुळं. माझे मिस्टर मिलिंद खिल्लारे कृषी विद्यापीठात हवामानशास्त्र शिकवायचे. सगळे त्यांना खिल्लारे सर म्हणतात आणि घरात मीही सरच म्हणते. त्यांच्या दाढेत ड्रिल चालू असताना दवाखान्यातल्या छोट्या स्पीकरवर वरची रेकॉर्ड वाजत होती. कापूस तोंडात असतानाच डॉक्टरनं विचारलं, "कसं वाटतंय?" कापूस निघाल्यावर सर म्हणाले, "छान हाय. ह्याच अल्बमची चोवीस बिटची फाइल माझ्याकडं हाय. तिच्यात मागची टाळी न् टाळी वेगळी ऐकू येते."

डॉक्टरनं मास्क खाली ओढला. "फाइल? म्हणजे सरकारी ऑफिसात असते ती?"

असं सुरू झालं. पुढं बरीच वर्षं दर रविवारी सकाळी सर त्या बाकावर. कधी कधी मीही. सरांचा सगळा संसार खिशात मावायचा. तळहाताएवढी डबी, एक हेडफोन आणि विकत घेतलेले अल्बम. त्यांचं म्हणणं साधं होतं. दिवसातून एकदाच तापमान मोजलं तर दुपार कशी होती ते कळत नाही. जितक्या वेळा मोजाल तितकी दुपार खरी. आवाजाचंही तसंच. सेकंदाला हजारो वेळा आणि बारकाईनं मोजला, की गाणाऱ्यानं स्टुडिओत जे गायलं तेच घरी येतं. सुईची खरखर त्यात कुणी घालत नाही, आणि रेकॉर्डीच्या आतल्या वळणावर शेवटचं गाणं चिरकतं तसं चिरकतही नाही.

"पण जीव?" डॉक्टर म्हणायचा. "ऊब? आकड्यांना ऊब असते का हो मॅडम? तुम्ही गणित शिकवता, सांगा."

मी शाळेत गणित शिकवते हे तो असं सांगायचा, जसं काही मला काही तरी झालंय.

एकदा मुंबईहून कुरिअरनं एका नव्या पॉप गायिकेची रेकॉर्ड आली. अल्बम बाजारात येऊन थोडेच दिवस झाले होते. डॉक्टरनं ती छातीशी धरून आणली, लावली, आणि पहिली बाजू संपल्यावर डोळे उघडून म्हणाला, "याला म्हणतात आवाज. तुझ्या डबीत येईल हे, खिल्लारे?"

सर म्हणाले, "डॉक्टर, ही बाई कॉम्प्युटरवरच गायलीय. तिथली फाइल कारखान्यात गेली आणि तिच्यावरून ही रेकॉर्ड कापली. म्हणजे तुमी माझीच फाइल ऐकायलात. फक्त गोल करून."

मला हसू फुटलं. दारातून सुनंदाताईंचंही आलं. बोट वर गेलं, पण हसू काही लगेच थांबलं नाही. पुढचे दोन रविवार डॉक्टरची 'तब्येत बरी नव्हती.' नंतर त्यानं जाहीर केलं, की नव्या रेकॉर्डी तो संगीत म्हणून घेत नाही, संदर्भ म्हणून घेतो.

हे सगळं मी सहन केलं, कारण सरांना त्यात मजा वाटायची. परभणीत तासभर गाण्यावर भांडायला दुसरं होतं कोण? पण एप्रिलमध्ये जयंतीच्या दुसऱ्या दिवशी गोष्ट वेगळ्याच वळणावर गेली. सर एका गाण्यातला काही फरक समजावून सांगत होते. डॉक्टर अगदी समजूतदारपणे म्हणाला, "खिल्लारे, तुझी चूक नाही यात. तुमच्याकडं लहानपणापासून त्या डीजेच्या भिंतीपुढं नाचायचं. कान तिथंच फाटतात. बारीक फरक कळणार कुठून?"

'तुमच्याकडं.' सुनंदाताई चौकटीवरून आत स्वयंपाकघरात निघून गेल्या. मला त्याच्या त्या दोन हजार रेकॉर्डी एकेक करून गॅलरीतून रस्त्यावर फेकाव्याशा वाटल्या.

सर शांत होते. म्हणाले, "जयंतीला मी नाचतो, हे खरंय. कान फाटले का ते तपासून बघू. दोघांचेही."

जिन्यात मी म्हटलं, "परत यायचं न्हाई इथं."

"एकदाच येऊ," ते म्हणाले. "सामान घेऊन."

तपासणी अशी होती. रेकॉर्ड डॉक्टरची, सुई डॉक्टरची, स्पीकर डॉक्टरचे. मध्ये फक्त एक खटका. खाली केला की सुईचा आवाज सरळ स्पीकरला जाणार. वर केला की तोच आवाज आधी सरांच्या एका डब्यात जाणार, तिथं त्याचे आकडे होणार आणि आकड्यांचा परत आवाज होऊन तो स्पीकरला जाणार. आकड्यांनी जीव मरत असेल, तर वरचा आवाज मेलेला लागला पाहिजे. खटका पडद्यामागं माझ्या हातात, कारण डॉक्टरच्या मते मला दोन्हीतलं काही कळत नव्हतं, म्हणून मी निःपक्ष. दोन्हीकडचा आवाज सरांनी अगदी सारखा करून घेतला होता. जरा मोठा वाजलेला आवाज माणसाला उगाचच चांगला वाटतो. मी नाणं उडवायचं, खटका टाकायचा, आणि डॉक्टरनं सांगायचं की सरळ की आकडे.

रेकॉर्ड सुरू झाली. पहिल्यांदा खटका खाली होता. डॉक्टर म्हणाला, "सरळ." बरोबर होतं. मग छापा पडला आणि मी खटका वर केला. त्याबरोबर गाण्यावर एक बारीक शिट्टी चढली. कानाशी डास यावा तशी, पण सरळ रेषेत, थांबायचं नाव नाही. डब्याचा चार्जर बिघडलेला होता, हे नंतर कळलं. मी पडद्याच्या फटीतून बघितलं. सरांचा चेहरा पडला होता. तपासणी वाया गेली होती. आता शेंबडं पोरही ओळखेल, की शिट्टी आली म्हणजे आकडे. थांबा म्हणायला त्यांनी हात वर केला.

तेवढ्यात दारातून सुनंदाताई म्हणाल्या, "अहो, ही शिट्टी कसली वाजायलीय?"

डॉक्टरचं बोट वर गेलं. "कुकर असेल. बघ जा."

"कुकर लावलाच न्हाई मी."

"सुनंदा."

त्याचे डोळे मिटलेले होते. चेहरा देवळात बसल्यासारखा. आणि तो म्हणाला, "सरळ. ऐक खिल्लारे, ऐक ती ऊब."

शिट्टी चालूच होती.

सरांनी वर केलेला हात हळूहळू खाली घेतला. पडद्याकडं बघून मला म्हणाले, "चालू दे."

मी नाणं उडवत राहिले. शिट्टी यायची, जायची. शिट्टी नसताना तो कपाळाला आठ्या घालून म्हणायचा, "हा आला तुमचा प्लास्टिकचा आवाज," आणि शिट्टी असताना त्याच्या ओठांवर हसू यायचं. काही बरोबर आली, काही चुकली. आंधळेपणानं उत्तरं दिली तर येतील तेवढी, निम्मी. सर त्याच्याकडं असे बघत होते, की मला त्यांचाच राग यायला लागला. इतके दिवस वाट बघितलेली गोष्ट हातात आली होती आणि या माणसाच्या डोळ्यांत मात्र काळजी.

रेकॉर्ड थांबली. मी पडद्यामागून बाहेर आले. डॉक्टर खुर्चीत ताठ बसून म्हणाला, "हं, मॅडम. किती?"

मी तोंड उघडलं. त्याआधीच सर म्हणाले, "सगळी बरोबर, डॉक्टर. मानलं तुमाला."

मी सुनंदाताईंकडं बघितलं. त्या माझ्याकडं बघत नव्हत्या. नवऱ्याच्या कानाकडं बघत होत्या.

घरी आल्यावर आमचं भांडण झालं. सर म्हणाले, "वरच्या पट्टीतले आवाज गेलेत त्याचे. इतकी वर्षं ते ड्रिल कानाशी किंचाळतंय. हळूहळू खालचेही जातील."

"मग सांगायचं ना तोंडावर!"

"कोणी? मी? कान फाटलेल्यानं? तो म्हणेल, हरला म्हणून बोलायलाय."

"पण तो जिंकला म्हणून सांगायची काय गरज होती?"

त्यांनी तो खटका पिशवीतून काढून टेबलावर ठेवला. मग म्हणाले, "मला जिंकायचं होतं. आजारी माणसाला हरवायचं नव्हतं."

मला हे पटलं नाही, आजही पटत नाही. ज्यानं तुमच्या लोकांचे कान फाटके ठरवले त्याच्यावर दया करायची, आणि ती त्याला कळूही द्यायची नाही? दुसऱ्या दिवशी सरांनी सुनंदाताईंना फोन करून कानांच्या डॉक्टरकडं न्यायला मात्र सांगितलं. ताई म्हणाल्या, "सर, मला कधीचं कळायलंय. मी काही बोलले की म्हणतात, तू पुटपुटतीस. आता मी घरात ओरडूनच बोलते, तर म्हणतात, तुझा आवाज कर्कश झालाय."

इकडं आसेगावकरला पंख फुटले. दवाखान्यात खुर्चीत आडवा झालेला प्रत्येक माणूस, तोंड उघडं असताना, ती गोष्ट ऐकायचा. "विद्यापीठाचे प्रोफेसर यंत्रं घेऊन आले, पडदे बांधले, आणि मी डोळे मिटून एकूण एक ओळखलं." डॉक्टर मंडळींच्या जेवणात त्यानं ती सांगितली. एका लग्नात तर सर शेजारीच बसलेले असताना सांगितली आणि वर म्हणाला, "विचारा यांनाच." सरांनी भाताचा घास घेत मान डोलावली. मी ताट सरकवून उठले. रेकॉर्डींसाठी नव्या नव्या सुया मागवणं चालूच होतं. हल्लीच्या सुयांमध्ये वरची झळाळी राहिली नाही, असं त्याचं म्हणणं होतं.

असं वर्षभर चाललं असेल. मग बोरीच्या बाईंचं प्रकरण झालं.

मी त्या दिवशी दाताची टोपी बसवायला गेले होते, बाहेरच्या बाकावर नंबर लावून बसले होते. आत बोरीहून आलेल्या एक वयस्कर बाई होत्या, त्यांचा जावई बाहेर माझ्या शेजारी. अर्ध्या दारातून सगळं ऐकू यायचं. खालच्या दोन दाढा किडल्यात, असं म्हणून कोणती दुखते ते डॉक्टरनं विचारलं. बाई स्पष्ट म्हणाल्या, "पलीकडली. अलीकडली न्हाई ओ, तिच्यात बुजवलंय."

"अलीकडची, बरं," डॉक्टर म्हणाला.

"न्हाई न्हाई, पलीकडली!"

जावई उठून उभा राहिला, मग डॉक्टरला ऐकू गेलं असेल असं वाटून पुन्हा बसला. आम्हा सगळ्यांना ऐकू आलं होतं. मदतनीस मुलगीही मास्कमधून काही तरी म्हणाली. पण तोवर थुंकी ओढायचं यंत्र चालू झालं होतं, त्यात तिचं बोलणं बुडालं. इंजेक्शनचा अंमल चढल्यावर बाईंचे शब्द लोळायला लागले, नुसतं 'हं हं' उरलं, आणि ते त्याला दुखण्याचं कण्हणं वाटलं असावं. जावई दार ढकलून आत गेला तोवर अलीकडची दाढ ट्रेमध्ये पडली होती.

आरडाओरडा झाला. रस्त्यावरची माणसं दारात जमली. बाई गालाला हात लावून रडत होत्या. आसेगावकर हातमोजे काढत बाहेर आला आणि आम्हा सगळ्यांकडं बघून म्हणाला, "यांना स्वतःचा दुखणारा दात कोणता हेही सांगता येत नाही. खेड्यातून उठून येतात!"

मी त्या बाईंचा हात धरून त्यांना बाहेर घेऊन गेले. टोपी मी नंतर दुसरीकडं बसवली.

संध्याकाळी सरांना सगळं सांगितलं. त्यांनी चप्पल घातली. "चल," म्हणाले. "चूक माझीपण हाय. तवाच सांगायला पायजे होतं."

डॉक्टर त्याच्या खुर्चीत बसलेला होता. रेकॉर्ड लावलेली नव्हती. सर उभ्यानंच बोलले. "डॉक्टर, त्या रविवारी माझा डबा बिघडला होता. मधून मधून शिट्टी वाजत होती. मोठी. तुमाला आली न्हाई ऐकू."

"कसली शिट्टी?"

"तुमची निम्मी उत्तरं चुकली होती. मी खोटं बोललो."

आसेगावकरनं सरांकडं बघितलं, मग माझ्याकडं. मग, माझ्या आठवणीत पहिल्यांदाच, त्यानं दाराकडं मान वळवली. "सुनंदा, तुला आली होती?"

"मी तवाच म्हणाले की," सुनंदाताई म्हणाल्या. "तुमी म्हणालात, कुकर."

मला वाटलं, आता हा माणूस रडेल, आणि मग मला त्याची कीव करावी लागेल. पण तो लाल झाला. राग आला की त्याची ती घासलेली पुणेरी भाषा गळून पडायची. "म्हंजे तू मला जिंकवलंस? तू? खिल्लारे, तुझी लायकी काय हाय माझ्यावर दया करायची? निघा. दोघंबी निघा!"

आपल्या कानांचं त्याला काहीच वाटलं नव्हतं. त्या बाईंच्या दाढेचं तर नावही नाही. त्याला लागलं ते एवढंच, की दया सरांच्या हातून झाली.

आम्ही निघालो. तेव्हा सुनंदाताई चौकट ओलांडून आत आल्या. हातात ट्रे होता, त्यात चहाचे चार कप. वाफ निघत होती. त्यांनी तो रेकॉर्डींच्या मशीनशेजारी ठेवला आणि मोठ्यानं, एकेक शब्द सुटा करून म्हणाल्या, "ते चहा घेऊन जातील. बसा, सर."

आम्ही बसलो. त्या खोलीत मी प्यायलेला तो एकमेव चहा. आसेगावकर भिंतीकडं तोंड करून बसला होता आणि त्याच्या कपावर साय धरली.

पुढं ताईंनी त्याला नांदेडला नेऊन कान तपासून घेतले, ऐकायचं यंत्रही आणलं. दवाखाना एका तरुण डॉक्टरनं घेतला. बोरीच्या बाईंकडं ताई स्वतः जाऊन आल्या, एकट्या. तिथं काय बोलणं झालं ते त्यांनी सांगितलं नाही. आसेगावकर लोकांना सांगतो, की तपासणीत त्याचे कान वयाच्या मानानं उत्तम निघाले, आणि हल्ली रेकॉर्डीच वाईट काढतात. सर नंतरही काही रविवार जिना चढून गेले. दार उघडलं गेलं नाही. मला त्याचं वाईट वाटलं, म्हणजे सरांचं. ते आता गच्चीवर एकटेच हेडफोन लावून बसतात आणि मध्येच कुणाशी तरी वाद घातल्यासारखी मान हलवतात.

परवा आम्ही गांधी पार्कला भाजी घ्यायला गेलो होतो. मेथीच्या ढिगाशी सुनंदाताई दिसल्या. मागं आसेगावकर, दोन्ही हातांत पिशव्या. कानात यंत्र नव्हतं. ते शर्टाच्या खिशात फुगलेलं दिसत होतं. त्यानं आमच्याकडं बघितलं नाही, किंवा बघून ओळख दिली नाही. ताई जुडी निवडता निवडता त्याला काही तरी म्हणाल्या. बाजाराचा गलका होता, गाडेवाले ओरडत होते.

"काय?" तो म्हणाला.

ताईंनी जुडी पिशवीत टाकली आणि पुढं चालू लागल्या.

"काय म्हणालीस?" तो वाकून, मान पुढं काढून विचारत होता. इतक्या वर्षांत त्यानं कुणाला तसं विचारलेलं मी बघितलं नव्हतं.

त्या काय म्हणाल्या ते आम्हा दोघांनाही ऐकू आलं होतं. सर मला हळूच म्हणाले, "सांग की त्याला."

"त्या सांगतील," मी म्हटलं. "त्यांना वाटलं तर."

ताई गर्दीत बऱ्याच पुढं गेल्या होत्या. त्यानं पिशव्या सावरल्या आणि त्यांच्या मागं घाईनं निघाला.